कुत्र्यांच्या कार्टून पिक्चरमधे कुत्र्यांनी बोलायलाच हवं का?

खाडीकाठचा:
रविवारी भाचीला घेऊन डिस्नेचा 'लेडी अँड द ट्रॅम्प' बघितला, १९५५ चा. एक मानलं, बराचसा पिक्चर कुत्र्याच्या उंचीवरून आहे, माणसं म्हणजे कितीतरी वेळा नुसते पाय. पण तोंड उघडलं की गेलं, ती शेपूट लावलेली माणसंच. मला आमच्या हर्णै बंदरावरच्या कुत्र्यांचा पिक्चर हवाय, एकही शब्द नसलेला. संध्याकाळी लिलाव लागला की कुठल्या टोपलीमागे बसायचं हे त्यांना पाठ असतं आणि १ जून ते ३१ जुलै मासेमारी बंद झाली की त्याच कुत्र्यांच्या बरगड्या मोजता येतात, यात डायलॉग कशाला? शिवाय कुत्र्याला निळा नि पिवळा तेवढा धड दिसतो, लाल नाही, म्हणजे आपली तांबडी माती त्याला मळकट पिवळी, मग रंगवा की तशीच.

बांगडा_फ्राय:
मुका आणि वर लाल रंग नाही?? कोकणातला पिक्चर आणि माशाचं तिखलं पिवळं! पोरं दहा मिनिटांत उठून जातील. त्यापेक्षा मालवणीत बोलू दे ना, एखादा म्हातारा कुत्रा जेटीवर पसरून "आज बांगडो गावाक नाय रे मेल्या" म्हणाला की अख्खं थेटर हसेल. आणि भाचीला काय आवडलं ते विचारलंस?

खाडीकाठचा:
विचारलं. स्पॅगेटीचा सीन. तेव्हापासून घरात शेवया मागतेय.

बांगडा_फ्राय:
😂 झालं मग

समुद्रपाखरू:
बोलका की मुका ते ठरवा निवांत, पण दोघांनीही कुत्र्याला बिच्चारा करून टाकलाय. वेळासच्या किनाऱ्यावर २००२ पासून ऑलिव्ह रिडले कासवांची अंडी उचलून कुंपणात का ठेवतात? कोल्हे-कुत्री घरटी उकरतात म्हणून (माणसंही चोरायची, ते आहेच). रात्री वाळूला नाक लावून फिरणारा कुत्रा पण किनाऱ्यावरचाच ना, तो दाखवाल?

खाडीकाठचा:
दाखवीन की, आणि ते मुक्या पिक्चरमधेच जमेल. बोलका कुत्रा अंडी खाताना दाखवलात तर व्हिलन होतो, न बोलणारा नुसता भुकेला असतो.

समुद्रपाखरू:
वा, म्हणजे तो सुटला. कासवाची बाजू कोण मांडणार?

बांगडा_फ्राय:
कासवाक पण डायलॉग देवया.