भर पावसात, विस्तवाशिवाय नगारा कसा वाजेल? (काल्पनिक शहराच्या वाद्यपरंपरेसाठी)

खाडीकाठचा, ऐरोली
गेली तीन वर्षं मी एक काल्पनिक जग रचतोय. त्यात खाडीच्या तोंडावर मुखाड नावाचं शहर आहे. मुलुंडला ऑफिसला जाताना रोज ऐरोली पुलावरून खाडी दिसते. कधी काठोकाठ भरलेली, कधी नुसता चिखल आणि त्यात रोहित पक्ष्यांची गुलाबी रांग. मुखाड तिथेच सुचलं.

तिथला मोठा विधी म्हणजे 'पाणवळण'. श्रावणातल्या उधाणाच्या रात्री भरती पुरी होऊन पाणी थबकतं, तेव्हा वेशीवरच्या नगारखान्यात सात नगारे आणि दोन शिंगं वाजतात. वर्षभरात बुडालेल्या प्रत्येक माणसासाठी नगाऱ्याचा वेगळा बोल बांधलेला असतो, तो त्याच्या घरच्यांना ओळखू येतो. त्या रात्री शहरात चूल नाही, दिवा नाही. बुडालेले उजेड बघून परत येतील आणि त्यांना जाता येणार नाही, अशी तिथली समजूत.

पावसात कातडं सैल पडतं आणि शेकायला विस्तव नाही, इथे मी अडलोय. 'जादूने वाजतो' असं मला लिहायचं नाही. शिवाय अंधारात पाणी थबकायची वेळ वाजवणाऱ्यांना आधी कशी कळेल?

दिवाळ्याची पोर, बेलापूर
वेळेचं मी सांगते. माझे बाबा घड्याळ न बघता भरती सांगायचे. तिथीची पाऊणपट करायची. अष्टमी असेल तर आठाची पाऊणपट सहा, म्हणजे सहाच्या सुमाराला पाणी भरतं. पुनवेला पंधराची पाऊणपट सव्वाअकरा. सव्वाअकरा ते बारा धरा. रोज साधारण 50 मिनिटं पुढे. खाडीत जितकं आत जाल तितका आणखी उशीर. मुखाड तोंडावर आहे, म्हणजे हिशोब सरळ बसेल. फक्त खरं मोठं उधाण पुनवेनंतर एकदोन दिवसांनी येतं, तेव्हा विधी पुनवेलाच ठेवू नका. आणि अष्टमीच्या आसपास भांगाची भरती असते, पाणी फार चढत नाही की उतरत नाही. त्या दिवसांत एकच नगारा वाजू दे.

हलगीवाला, ठाणे
मी लग्नात, जत्रेत हलगी वाजवतो. पावसाळ्यात कागद, पाचोळा पेटवून त्यावर धरतो. कातडं ताणलं की आवाज कडक येतो, पण दमट हवेत थोड्याच वेळात पुन्हा उतरतो. म्हणजे विस्तव असता तरी तुमचा प्रश्न रात्रभरासाठी सुटला नसता. हल्ली बरेच जण फायबरचं पान लावतात, ते तुमच्या शहरात चालणार नाही.

अंगाच्या उबेचा विचार करा. आधीचे काही दिवस नगारे घरोघरी ठेवायचे, गोधडीत गुंडाळून, माणसांच्या मध्ये. त्या रात्री घोंगडीखाली झाकून वेशीवर न्यायचे. उघडल्यापासून आवाज उतरत जाणार. तो लपवू नका. पहिलं नाव टणटणीत वाजेल, शेवटचं नुसतं धप्प. मी वाजवणारा असतो तर त्या शेवटच्या नावासाठीच जीव लावला असता.

मूळचा जव्हारचा, कोपरखैरणे
कातड्यावरच का अडायचं? आमच्याकडच्या तारप्याला, म्हणजे फुंकून वाजवायच्या वाद्याला, कातडं नसतंच. दुधी, बांबू आणि ताडाची पानं. नाचताना तारपकऱ्याकडे कुणी पाठ करत नाही. मुखाडमध्ये पाण्याकडे पाठ करायची नाही असं ठेवून बघा.

खाडीकाठचा, ऐरोली
हलगीवाले दादा, ते 'धप्प' मी काल रात्रभर डोक्यात घेऊन होतो. आता नावांचा क्रम ठरला: सगळ्यात आधी बुडालेला पहिला, सगळ्यात अलीकडचा शेवटी. ज्यांचं दुःख ओलं त्यांना सैल कातड्याचा बोल. पाणी उतरू लागलं की शिंगं फुंकायची, नगाऱ्यांसोबत नाही. वाजवणारे पाण्याकडे तोंड करून. शहराला त्यांच्या फक्त पाठी दिसतील. हे तारप्यामुळे सुचलं. ताई, पाऊणपटीचा हिशोब मी नगारखान्याच्या म्हाताऱ्या बाईला दिलाय, ती बोटांच्या पेरांवर करते.

एक नवी अडचण मात्र उभी राहिली. ज्या घरात नगारा उबेला ठेवलाय, तिथेच त्या दिवसांत कुणी गेलं तर? आपल्याकडे सुतक असतं, देवपूजाही थांबते. नगारा दुसऱ्या घरी हलवायचा, की त्याच घरात त्याची खरी गरज आहे? मला हलवावासा वाटत नाही. तुमच्याकडे अशा वेळी वाद्याचं काय करतात?