लुईस गार्सिया: मधल्या फळीचा खेळाडू की आघाडीचा?

नेरुळकर (धागालेखक):

२० डिसेंबर २०१४ रोजी नेरुळच्या डी. वाय. पाटील स्टेडियमवर झालेला इंडियन सुपर लीगच्या पहिल्या हंगामाचा अंतिम सामना मी प्रेक्षकांत बसून पाहिला होता. भरपाई वेळेत मोहम्मद रफीकने कॉर्नरवर हेडरने केलेल्या एकमेव गोलाच्या जोरावर अ‍ॅटलेटिको डी कोलकाताने केरळ ब्लास्टर्सला हरवले. त्या कोलकाता संघाचा मार्की खेळाडू (संघाने आकर्षण म्हणून घेतलेला नामवंत खेळाडू) होता स्पेनचा लुईस गार्सिया. त्या वेळी मला त्याच्याविषयी फक्त 'लिव्हरपूलचा जुना खेळाडू' एवढेच ठाऊक होते. आता माझी मुलगी लिव्हरपूलचे सामने नेमाने पाहते आणि तिच्या प्रश्नांना माझ्याकडे उत्तरे नसतात. म्हणून जाणकारांना दोन गोष्टी विचारतो. त्याची नोंद मिडफिल्डर अशी असताना तो इतके गोल कसे करत असे? आणि ज्या क्लबात तो जेमतेम ३ हंगाम होता, तिथले चाहते त्याची आठवण आजही इतक्या जिव्हाळ्याने का काढतात?

मधलीफळी:

पहिल्या प्रश्नाचे उत्तर त्याच्या सुरुवातीच्या वर्षांत सापडते. १९७८ मध्ये बार्सिलोनाशेजारच्या बादालोना शहरात जन्मलेला गार्सिया बार्सिलोनाच्याच युवा संघांत घडला, पण मुख्य संघाची दारे त्याच्यासाठी लवकर उघडली नाहीत आणि क्लब त्याला एकामागून एक लहान संघांकडे लोनवर, म्हणजे तात्पुरता उसना, पाठवत राहिला. त्यांपैकी २०००-०१ चा तेनेरिफे येथील हंगाम निर्णायक ठरला, कारण तिथे राफाएल बेनितेझ प्रशिक्षक होते आणि त्या वर्षी तेनेरिफेने दुसऱ्या श्रेणीतून ला लीगामध्ये बढती मिळवली. पुढे वायादोलिद, अ‍ॅटलेटिको माद्रिद आणि २००३-०४ मध्ये पुन्हा बार्सिलोना असा प्रवास करून, बेनितेझ लिव्हरपूलला गेले त्याच उन्हाळ्यात, २००४ मध्ये, तोही तिथे पोहोचला.

बेनितेझ त्याला कधी उजव्या कडेला, तर कधी एकट्या स्ट्रायकरच्या मागे खेळवत. कागदावर तो मधल्या फळीत असे. प्रत्यक्षात प्रतिस्पर्ध्यांचे बचावपटू आणि त्यांची मधली फळी यांच्यामध्ये जी मोकळी पट्टी उरते, तिथे त्याचा वावर असे. या पट्टीतल्या खेळाडूला कोणी रोखायचे, याचा निर्णय बचावपटूला क्षणात घ्यावा लागतो. जागा सोडून पुढे यावे, तर पाठीमागे खिंडार पडते. जागेवर थांबावे, तर समोरच्याला फटक्याला वेळ मिळतो. लिव्हरपूलसाठी १२१ सामन्यांत ३० गोल, हे मिडफिल्डर म्हणून उठून दिसणारे आकडे या जागेच्या जाणिवेतून आले आहेत.

अ‍ॅनफिल्डप्रेमी:

जिव्हाळ्याचे कारण म्हणजे २००४-०५ ची चॅम्पियन्स लीग, म्हणजे युरोपातल्या अव्वल क्लबांची स्पर्धा. त्या वर्षी प्रीमियर लीगमध्ये लिव्हरपूल पाचव्या स्थानावर राहिला आणि विजेत्या चेल्सीपेक्षा तब्बल ३७ गुणांनी मागे पडला. युरोपात मात्र तोच संघ अंतिम फेरीपर्यंत गेला. बाद फेऱ्यांत गार्सियाने लेव्हरकुसेनविरुद्ध दोन सामन्यांत मिळून ३, युव्हेंटसविरुद्ध १ आणि उपांत्य फेरीत चेल्सीविरुद्ध १ असे ५ गोल केले.

चेल्सीविरुद्धच्या गोलाबद्दल थोडे सविस्तर लिहितो. लंडनमधला पहिला सामना ०-० असा सुटला होता. ३ मे २००५ रोजी लिव्हरपूलच्या घरच्या मैदानावर, अ‍ॅनफिल्डवर चौथ्याच मिनिटाला चेल्सीचा गोलरक्षक चेकने मिलान बारोशला पाडले, चेंडू सुटला, गार्सियाने तो गोलकडे ढकलला आणि चेल्सीचा बचावपटू गालासने तो बाहेर काढला. चेंडूने गोलरेषा पूर्ण ओलांडली होती का? गोलरेषा तंत्रज्ञान तेव्हा वापरात नव्हते. स्लोवाकियाचे पंच लुबोश मिखेल यांनी गोल दिला आणि तोच दोन्ही सामन्यांतला एकमेव गोल ठरला. चेल्सीचे प्रशिक्षक मोरिन्यो यांनी त्याला 'भुताचा गोल' म्हटले. चेल्सीचे समर्थक सहसा एक गोष्ट विसरतात: गोल दिला नसता, तर आपण पेनल्टी देऊन चेकला लाल कार्ड दाखवले असते, असे मिखेल यांनीच नंतर सांगितले. त्यामुळे लिव्हरपूलला तो निकाल फुकटात मिळाला, हे मला मान्य नाही.

इस्तंबूलच्या अंतिम सामन्यात मिलानविरुद्ध ०-३ वरून ३-३ अशी बरोबरी झाली तेव्हा गार्सिया मैदानात होता आणि १२० मिनिटे खेळला.

साशंक:

वरील कौतुकात एक बाजू राहून गेली आहे. तो सातत्याचा खेळाडू नव्हता. अवघड पास देण्याच्या नादात तो मधल्या पट्टीत चेंडू गमावत असे आणि लीगच्या सामन्यांत त्याचे मोल संघाला चुकवावे लागे. २००६ च्या एफए कपच्या उपांत्य सामन्यात त्याने चेल्सीविरुद्ध गोल केला, पण नंतर लीगमध्ये वेस्ट हॅमविरुद्ध लाल कार्ड मिळाल्याने त्याच वेस्ट हॅमविरुद्धच्या अंतिम सामन्याला तो निलंबित होता. जानेवारी २००७ मध्ये लीग कपमध्ये आर्सेनलविरुद्ध त्याच्या गुडघ्याचा लिगामेंट तुटला आणि त्या हंगामाचा चॅम्पियन्स लीगचा अथेन्समधला अंतिम सामनाही हुकला.

स्पेनच्या बाबतीतही मला हळहळ वाटते. नोव्हेंबर २००५ मध्ये विश्वचषक पात्रतेच्या प्लेऑफमध्ये स्लोवाकियाविरुद्धच्या ५-१ विजयात त्याने हॅट्ट्रिक केली आणि २००६ चा विश्वचषक तो खेळला. मात्र २००८ मध्ये स्पेन युरोपचा विजेता झाला, त्या संघात तो नव्हता.

मधलीफळी:

साशंक यांचा चेंडू गमावण्याचा मुद्दा खरा आहे, परंतु बेनितेझ यांच्यासारख्या शिस्तप्रिय प्रशिक्षकानेही तो धोका पत्करला, कारण बंदिस्त सामना उघडण्यासाठी तशा एका खेळाडूची गरज होती. अवांतर: २०१४ च्या जानेवारीत मेक्सिकोतील कारकिर्दीनंतर निवृत्ती जाहीर करून तो त्याच वर्षी कोलकात्यासाठी परतला. धागालेखकांनी पाहिलेल्या अंतिम सामन्याआधी त्या संघाने फातोर्ड्यात एफसी गोवाला पेनल्टी शूटआउटमध्ये हरवले होते, हे गोव्याचे वाचक विसरले नसतील. त्यानंतर २०१६ मध्ये तो ऑस्ट्रेलियात सेंट्रल कोस्ट मरिनर्सकडून खेळला.

नेरुळकर:

सर्वांचे आभार. मुलीला त्याचा एकच सामना दाखवायचा असेल, तर कोणता दाखवू?

अ‍ॅनफिल्डप्रेमी:

५ एप्रिल २००५ चा, युव्हेंटसविरुद्धचा. २५ व्या मिनिटाला त्याने दुरून डाव्या पायाने मारलेली व्हॉली (चेंडू हवेत असतानाच मारलेला फटका) युव्हेंटसचा गोलरक्षक बुफॉनच्या डोक्यावरून जाळ्यात गेली. मात्र फटका पाहण्याआधी चित्रफीत थोडी मागे न्या आणि चेंडू येण्यापूर्वी तो कुठे उभा आहे, ते तिला शोधू द्या.