ट्रक सिम्युलेटरची स्वस्त की: घ्यायची की नाही?

अमळनेरी: 'यूरो ट्रक सिम्युलेटर २'ची ॲक्टिव्हेशन की (गेम चालू करायचा कोड) बाहेरच्या एका साइटवर स्टीम या ऑनलाइन गेम दुकानाच्या निम्म्या भावात मिळतेय. मित्र म्हणतात, चोरीचा माल आहे. मी म्हणतो, की चालली म्हणजे झालं. बिल बघत कोण बसतं?

भुसावळ_जंक्शन: माझा साफ विरोध. तिथल्या सगळ्याच की चोरीच्या नसतात, काही खरंच दुसऱ्या देशातल्या स्वस्त भावात उचललेल्या असतात. पण काही चोरलेल्या कार्डावर घेतलेल्या निघतात. कार्डाचा खरा मालक बँकेत तक्रार करतो, पैसे परत जातात आणि गेमवाले ती की रद्द करतात. गेम तुमच्या लायब्ररीतून गायब. शिवाय स्टीमवर घेतलेला गेम १४ दिवसांच्या आत आणि २ तासांपेक्षा कमी खेळला असेल तर पैसे परत मागता येतात. बाहेरून आणलेल्या कीचा परतावा स्टीम देत नाही. जुन्या पीसीवर गेम अडखळला तर जाणार कोणाकडे?

धुळे_एमएच१८: भो, एवढी भीती कशाले? परतावा मागायची वेळच येत नाही बहुतेकांना. आणि मूळ गेम घेऊन भागतंय कुठं! स्कँडिनेव्हिया, इटली, फ्रान्स, प्रत्येक नकाशा वेगळा विकत. कंपनी तुकडे करून विकते, तर आम्ही पहिल्या तुकड्यावर वाचवले तर बिघडलं काय?

शिरपूरवाला: गेम २०१२चा आहे. सेलमध्ये स्टीमवरच ७५ टक्के सूट कितीदा तरी लागते. तेव्हा तुमची ही निम्मी किंमतच महाग ठरेल.

अमळनेरी: सेल येईपर्यंत सुट्ट्या संपतील. आणि मला खेळायचाच नाही, गाडी शिकायची आहे. लर्निंग लायसन्स काढलंय, पक्क्याच्या टेस्टआधी ३० दिवस काढायचेत.

धुळे_एमएच१८: आता मीच बाजू बदलतो 😄 त्यासाठी हा गेम नको. कीबोर्डवर क्लच कुठून आणणार? पीसीला जोडायच्या लॉजिटेकच्या जी२९ स्टिअरिंग चाकाला तीन पेडल आहेत, ९०० अंश फिरतं, पण गियरची दांडी वेगळी घ्यावी लागते. तेवढ्यात ड्रायव्हिंग स्कूलची फी निघेल. त्यात युरोपात उजवीकडून चालवायचं. डावीकडची सवय हवी तर ब्रिटनमध्येच फिरत बसा.

रावेर_केळी: अगदीच वाया जात नाही. आमचं घर केळीच्या गाड्यांवर चालतं, माल दिल्लीकडे जातो. सेंधव्याहून शिरपूरकडे बिजासन घाट उतरताना नुसता ब्रेक दाबून धरला की लायनर तापतात आणि ब्रेक धरेनासा होतो. खालच्या गियरात, इंजिन ब्रेकवर उतरायचं, हे पोराला तोंडी सांगून पटत नव्हतं. या गेममध्ये लोड भरून उतारावर गेला तेव्हा पटलं. की मात्र स्टीमवरूनच घेतली.

अमळनेरी: काका, पोराने पैसे तुमचे खर्च केले. मला माझे करायचेत.

भुसावळ_जंक्शन: मग निदान पेमेंट डेबिट कार्डाने करू नको.