कुरासाओ विश्वचषकात, पण कुरासाओची लीग कुठे?

उजवा_बॅक

"दीड लाखांना जमतं ते दीडशे कोटींना का जमत नाही?" हा फॉरवर्ड इतक्या ग्रुपांवर येऊन आदळलाय की शेवटी धागाच काढतोय.

ज्यांच्या कानावर आलं नसेल त्यांच्यासाठी: १८ नोव्हेंबर २०२५ ला किंग्स्टनमध्ये जमैकाला ०-० असं रोखून कुरासाओ हे कॅरिबियन बेट २०२६ च्या फुटबॉल विश्वचषकाला पात्र ठरलं. लोकसंख्या दीड लाखाच्या थोडी वर, क्षेत्रफळ ४४४ चौरस किलोमीटर. विश्वचषक गाठणारा सगळ्यात कमी लोकवस्तीचा देश. आइसलँडचा २०१८ चा विक्रम गेला. पात्रतेच्या शेवटच्या फेरीत सहा सामने, एकही हार नाही, १२ गुण. कौतुक आहेच.

पण हे यश त्या बेटावरच्या फुटबॉलचं आहे का? जमैकाविरुद्धच्या संघात बेटावर जन्मलेला खेळाडू एकच, ताहिथ चाँग, आणि तोही लहानपणीच फायनूर्ड या डच क्लबच्या अकादमीत गेलेला. बाकीचे नेदरलँड्समध्ये जन्मले, तिथेच शिकले. पात्रतेच्या वेळचे प्रशिक्षक डिक अॅडव्होकाट, तेही डच.

बेटावर फुटबॉल नाही असं नाही. प्रोमे दिविशोन ही तिथली वरच्या श्रेणीची लीग. हंगामाची रचना मजेदार. आधी सगळे एकमेकांशी खेळतात, मग वरचे सहा 'काया ६' नावाच्या फेरीत, त्यातले चार 'काया ४' मध्ये, आणि शेवटी दोघांत अंतिम लढत. म्हणजे महिनोन्‌महिने अव्वल राहिलेला संघ एका संध्याकाळी घसरला की विजेतेपद गेलं. (मला ही पद्धत अन्यायाची वाटते, पण तो वेगळा धागा.) योंग होलंड, सेंट्रो डोमिंगितो, व्हिक्टरी बॉइज, बेटाच्या पश्चिमेकडच्या बांदा अबाऊचा उन्देबा. कित्येक क्लबांच्या नावाआधी 'आरकेएसव्ही' लागतं, म्हणजे क्लब कॅथलिक चर्चच्या आसऱ्याने उभा राहिलेला. फुटबॉलवर घर चालणारे त्यांत फारसे कोणी नाहीत.

या पोरांचा विश्वचषकाशी संबंध काय? काहीच नाही. फिफाने डिसेंबर २०२५ मध्ये जाहीर केलं होतं की सहभागी प्रत्येक संघाला किमान १ कोटी ५ लाख डॉलर मिळतील. माझं म्हणणं: निम्मे लीगच्या क्लबांना द्या, आणि २६ जणांच्या संघात दोन जागा लीगमधल्या खेळाडूंसाठी राखून ठेवा. नाहीतर हा कुरासाओचं नाव लावलेला नेदरलँड्सचा 'ब' संघ आहे.

वर्षा_रॉटरडॅम

'ब संघ' हे इथल्या कुरासाओच्या माणसासमोर म्हणून दाखवा. माझ्या ऑफिसात दोघी आहेत, ओळख करून देते.

कुरासाओ १० ऑक्टोबर २०१० पासून डच राजसत्तेतला स्वतंत्र कारभाराचा देश आहे, पासपोर्ट मात्र डचच. शाळा संपली की मुलं विमानात बसून इकडे शिकायला येतात आणि बरीचशी इथेच राहतात. हे आजचं नाही, दोन-तीन पिढ्यांचं आहे. राजधानी विलेमस्टाडमधल्या आजीचा नातू रॉटरडॅममध्ये जन्मला म्हणून तो उपरा कसा? आणि सगळ्यांचा पासपोर्ट एकच असल्यामुळे फिफा निव्वळ पासपोर्ट मानतही नाही. खेळाडू स्वतः, आई-वडील किंवा आजी-आजोबा यांपैकी कोणीतरी बेटावर जन्मलेलं लागतं, नाहीतर तिथे काही वर्षं राहिलेलं लागतं. कोणीही डच उचलून आणलेला नाही.

रेम्को बिसेंतिनींचं नाव तुम्ही घेतलंच नाही. २०१७ मध्ये कुरासाओने जमैकाला २-१ हरवून कॅरिबियन कप जिंकला तेव्हा प्रशिक्षक ते होते. जन्म नायमेखनचा. वडील मोइझेस बेटावरून तिथे व्यावसायिक फुटबॉल खेळायला आलेले. आता सांगा, हे कुटुंब कुठलं?

बाराखडी

दोन जागा राखीव! फुटबॉलमध्येही आरक्षणावर भांडण. मी बसलो बाकावर, चालू द्या.

जुनी_कात्रणं

दोघांनीही गोष्ट २०१० नंतर सुरू केली आहे. त्याआधी नेदरलँड्स अँटिल्स या नावाने खेळायचे, आणि तो संघ बेटांवरच्याच खेळाडूंचा असायचा. १९५२ च्या हेलसिंकी ऑलिंपिकला हा संघ गेला होता. तुर्कस्तानकडून १-२ असा हरला, पण गेला होता. गोलकीपर एर्जिलिओ हातो, ज्यांच्या नावाने आज विलेमस्टाडचं स्टेडियम आहे, ते घरच्या योंग होलंड क्लबचे. १९६३ आणि १९६९ च्या उत्तर-मध्य अमेरिका आणि कॅरिबियनच्या स्पर्धेत अँटिल्स तिसरे आले.

क्लबांचं तर त्याहून भारी. बोका सामी हे मासेमारांचं गाव. तिथला योंग कोलंबिया हा क्लब १९६७ आणि १९७९ मध्ये खंडाच्या चॅम्पियन्स कपात उपविजेता होता. दोन्ही वेळा एल साल्वाडोरच्या क्लबांनी हरवलं. आज त्या गावाचा क्लब मेक्सिकोच्या किंवा अमेरिकेच्या क्लबासमोर उभा राहील अशी कल्पनाही करवत नाही. बेटाच्या विजेत्यांची मजल आता कॅरिबियन शील्डपर्यंत, आणि ती स्पर्धाच हौशी लीगांसाठी काढलेली.

म्हणून 'लीगचा संबंध नाही' हे आजचं वर्णन म्हणून ठीक, पण त्या मातीत काही पिकतच नाही असा अर्थ काढू नका. आजूबाजूचे व्यावसायिक झाले, हे हौशी राहिले. शिवाय बेसबॉल. १९९६ च्या वर्ल्ड सिरीजमध्ये १९ वर्षांच्या अँड्रू जोन्सने पहिल्या दोन्ही पाळ्यांत होमरन मारले, आणि विलेमस्टाडच्या प्रत्येक बापाला पोराचं भवितव्य बॅटमध्ये दिसायला लागलं. २००४ ला लिटल लीगचं जागतिक विजेतेपद बेटाकडे आलं, २०१९, २०२२ आणि २०२३ ला उपविजेतेपद. केन्ली जॅन्सन, ऑझी अल्बीज ही आत्ताची नावं. ही मुलं बेटावर घडली. बेटावर खेळाडू घडवता येतो याचा पुरावा आहे, फक्त तो दुसऱ्या खेळातला.

उजवा_बॅक

कात्रणं, तुम्ही माझीच बाजू मांडलीत. धन्यवाद.

वर्षा, कोण कुठलं हा माझा मुद्दा नव्हताच, नातवाने जरूर खेळावं. पैशाची वाट कशी आहे ते बघा. विश्वचषकासाठी खेळाडू सोडणाऱ्या क्लबांना फिफा भरपाई देते. कुरासाओच्या संघापायी ती जाणार बेटाबाहेरच्या क्लबांना. खेळाडू विकला गेला की १२ ते २३ या वयात त्याला घडवणाऱ्या क्लबांना मोबदल्यातला ५ टक्के वाटा मिळतो. चाँग बाराचा व्हायच्या आतच नेदरलँड्सला गेला, म्हणजे बेटावरच्या क्लबाला त्यातलंही काही नाही. जगाच्या फुटबॉलमधला पैसा बेटाच्या लीगपर्यंत पोचायचे हे दोन रस्ते, दोन्ही बंद. उरलं ते बक्षिसाचं पाकीट. तेही संघाच्या विमानप्रवासात आणि हॉटेलांत संपवायचं?

आइसलँडची तुलना सगळे करतात, पण तिथली मुलं आइसलँडमध्येच शिकली. मग परदेशी गेली. २०१८ च्या संघातला उजवा बॅक बिर्किर सायवार्सन तर तेव्हाही घरच्या लीगमध्ये वालूरकडून खेळत होता. (उजव्या बॅकांबद्दल मला जरा जास्तच माहिती असते.)

पाटाकडील_फॅन

कोल्हापूरवरून बोलतोय. दोन्ही बाजू एकाच गोष्टीवर अडलेत: राष्ट्रीय संघाला खेळाडू दिले तरच लीग कामाची.

आमच्या शाहू स्टेडियमवर पाटाकडील आणि दिलबहार समोरासमोर असले की तालमीची आख्खी पेठ गॅलरीत असते. यातला किती जण निळ्या जर्सीपर्यंत पोचला हे कोणी मोजत बसत नाही. अनिकेत जाधव २०१७ चा सतरा वर्षांखालचा वर्ल्ड कप खेळला, छाती फुगली, पण तो नसता तरी सीनियर लीग तेवढ्याच ईर्ष्येने झाली असती. पोरगं सकाळी कामावर, दुपारी मॅच, रात्री चौकात त्या मॅचवरून वाद. एवढं पुरतं की.

त्या उन्देबावाल्यांचंही तसंच असणार. हंगामभर शेजारच्या वस्तीला हरवायचं, काया ४ गाठायची. त्यांना तुम्ही कशाला विश्वचषकाच्या रांगेत उभं करताय?

उजवा_बॅक

कारण तुमच्या पेठेत माणसं आहेत, साहेब. कोल्हापूर शहर अख्ख्या कुरासाओच्या कितीतरी पट. तिथे प्रत्येक चांगलं पोरगं बेसबॉलला किंवा नेदरलँड्सला गेलं की वस्तीचा संघ पातळ होतो. ईर्ष्येने बूट आणि दिव्याचं बिल भरत नाही.

पाटाकडील_फॅन

आमच्याकडं वर्गणी काढतात.

पणजीकर

मी वर्षाच्या बाजूचा, पण कारण वेगळं. १८ नोव्हेंबरला, त्याच दिवशी, ढाक्यात बांगलादेशने आपल्याला १-० हरवलं. त्यांच्या मधल्या फळीत हमझा चौधरी होता, इंग्लंडमध्ये जन्मलेला, लेस्टरचा. त्या वेळी आपली आयएसएल, म्हणजे देशातली वरची लीग, सुरूच झालेली नव्हती, कंत्राटाच्या घोळात अडकलेली. म्हणजे तेव्हा आपल्याकडे घरची लीगही नव्हती आणि बाहेरची माणसंही नव्हती. रायन विल्यम्सची आई मुंबईची, तरी त्याला भारतासाठी खेळायला ऑस्ट्रेलियाचं नागरिकत्व सोडावं लागलं. गोव्यात तर उलटी वाहतूक: १९६१ पूर्वीच्या आजोबांच्या नावावर पोर्तुगीज पासपोर्ट घेतला की त्या पोराची भारताची दारं बंद. कुरासाओला ही भिंत नाही, तर ते ती उगाच बांधतील कशाला?

आणि क्लबांना पैसा द्या म्हणणाऱ्यांसाठी: धेंपो, साळगावकर आणि स्पोर्टिंग यांना पैशाची चणचण होती असं कोणी म्हणणार नाही. तरी २०१६ मध्ये तिघेही आय-लीगमधून बाहेर पडले, कारण वर जायचा रस्ताच बंद होणार असं दिसत होतं. पाकीट देऊन लीग जगत नाही. खेळून पुढे कुठे जाता येतं ते आधी ठरवा.

तिरकस_चेंडू

२०१९ च्या किंग्ज कपची कोणालाच आठवण नाही? थायलंडमधलं बुरिराम, प्रशिक्षक श्तिमाकचा भारतासोबतचा पहिला सामना, समोर हेच कुरासाओ. आपण १-३. आपला गोल छेत्रीची पेनल्टी. मग त्यांनी व्हिएतनामलाही पेनल्टींवर हरवून कप नेला. तेव्हा आपल्याकडे 'हा देश नक्की आहे कुठे' यावर विनोद चालले होते. आता तेच लोक स्फूर्तिदायक फॉरवर्ड पाठवताहेत.

वर्षा_रॉटरडॅम

पणजीकर, +१. उजवा बॅक, पैशाचा मुद्दा मान्य व्हावा असा आहे, पण औषध चुकीचं.

आइसलँडने आधी सरकारी पैशाने बंदिस्त मैदानं बांधली, शिकलेले प्रशिक्षक गावोगाव नेमले, मग वीसेक वर्षांनी फळ आलं. आणि त्यांची लोकसंख्या कुरासाओच्या दुपटीहून जास्त. केप व्हर्दे बघा, तेही याच वेळी पात्र ठरले. त्यांचा बचावपटू रोबेर्तो लोपेस डब्लिनमध्ये जन्मलेला, त्याला लिंक्डइनवर निरोप पाठवून बोलावलं होतं. त्याला कोणी 'आयर्लंड ब' म्हटलं नाही. हैती तर बघाच. पोर्टोप्रिन्समध्ये टोळ्यांचं राज्य, म्हणून त्यांचे 'घरचे' सामने विलेमस्टाडला. कुरासाओचा संघ किंग्स्टनमध्ये लढत होता त्याच रात्री हातो स्टेडियमवर हैतीने निकाराग्वाला २-० हरवून पात्रता मिळवली. मायदेशी एकही सामना न खेळता! तुमच्या कसोटीने हे यश कोणाचं? कुरासाओच्या ग्राउंड्समनचं?

राहिल्या दोन जागा. पहिला सामना १४ जूनला ह्यूस्टनमध्ये, जर्मनीशी. उन्देबाच्या पोराला राखीव जागेवरून तिथे बसवलंत तर तो बाकावरून उठणार नाही आणि आयुष्यभर 'कोट्यातला' म्हणून ओळखला जाईल. हा मान नाही, ही शिक्षा आहे.

जुनी_कात्रणं

कोट्याला माझाही विरोध. पण वर्षा, इतकी वर्षं नातवंडं बोलावून संघ बांधला, त्याची हद्दही दिसते. फिफाचा नियम आजी-आजोबांशी थांबतो. आज नेदरलँड्समध्ये जन्मलेल्यांची मुलं खेळायची वयात येतील तेव्हा त्यांचे आजी-आजोबा बेटावरचे असतील. त्यांच्या पुढच्या पिढीचे नसतील. नवीन माणसं बेटावरून जात राहिली तर झरा चालू राहील, पण त्यांना लहानपणी चेंडू शिकवणार कोण? तेच आरकेएसव्हीवाले. मोइझेस बिसेंतिनी कुठे खेळायला शिकले होते? बेटावरच.

म्हणून पाकीट क्लबांच्या खात्यात न टाकता दहा-बारा वर्षांच्या पोरांच्या प्रशिक्षकांना पूर्ण वेळ पगारावर घ्यावं, क्लब कुठलाही असो. सीनियर लीग जशी आहे तशी राहू दे. ती सुधारायला १ कोटी काय, १० कोटीही पुरणार नाहीत.

उजवा_बॅक

म्हणजे लीग मेली तरी चालेल, तिचे प्रशिक्षक तेवढे वापरा. सीनियर संघच नसेल तर त्या बारा वर्षांच्या पोराने रविवारी कोणाचा सामना बघायचा? फायनूर्डचा, टीव्हीवर?

कोटा सोडतो हवं तर. निम्मा पैसा सोडत नाही.

वर्षा_रॉटरडॅम

आत्ताही तो फायनूर्डच बघतो. माझ्या ऑफिसातल्या दोघींना विचारलं. एकीला प्रोमे दिविशोनमधल्या एकाही संघाचं नाव आठवेना. दुसरीचा मामा सेंट्रो डोमिंगितोचा, आणि तिने पैशाबद्दल उजव्या बॅकलाच मत दिलंय. म्हणजे कुरासाओची मतं १-०, एक तटस्थ. मी माझं बदलत नाही.