विषय: बंड्या हरवलाय!! (रेनर्स लेन, लंडन)

मीनल:
परवा रात्री फटाक्यांना घाबरून बंड्या किचनच्या दारातून जो सुटला तो अजून आला नाहीये. राखाडी पट्टे, डावा कान जरा फाटलेला, पट्टा नाही. कातडीखाली चिप आहे पण तिच्या नोंदीत आमचा रेडिंगचा जुना फोन नंबर, बदलायचा राहूनच गेला. स्टेशनच्या आसपास राहणाऱ्यांनी प्लीज आपापली बागेतली शेड उघडून बघा, नुसतं बाहेरून डोकावू नका. आणि त्याचा लिटर ट्रे (शी-शूचा) बाहेर ठेवू का? नेटवर निम्मे म्हणतात ठेवा, निम्मे नको.

सुहास:
विषय वाचून धस्स झालं, आमच्याकडे बंड्या म्हणजे धाकटा भाऊ. बोका आहे हे आधी लिहीत जा गं. चिप आहे ना, मग फोनवर लोकेशन दिसत नाही?

शुभदा:
ट्रे अजिबात नको!! त्या वासाने गल्लीतले बाकीचे बोके जमतील आणि बंड्या आणखी लांब पळेल. तुझा न धुतलेला स्वेटर ठेव. रात्री एक-दीडला टॉर्च घेऊन गाड्यांखाली, झुडपांत बघ, डोळे चमकतात. दिसला तर मागे धावू नकोस, खाली बस. घरातलं मांजर घाबरलं की सहसा दोनचार घरांतच दबून बसतं.

प्रसाद:
सुहासकाका, चिपमध्ये नुसता १५ आकडी नंबर असतो, जीपीएस नाही. मीनल, सुके बोंबील भाज, खिडकी उघडी ठेवून. आमची मनी तशीच आली होती. फक्त स्मोक अलार्म आधी बघ, आमच्या वरच्या आजीबाई जिन्यात येऊन उभ्या राहिल्या होत्या.

शुभदा:
म्हणजे कोल्ह्यांना आवतण! आमच्या कोपऱ्यावर रोज रात्री दोन असतात.

प्रसाद:
ताई, कोल्हे तुमच्या कचऱ्याच्या बिनमुळे येतात.

विद्याधर:
ही मेलिंग लिस्ट कार्यक्रमांसाठी आहे हे मी गणपतीतही लिहिलं होतं. असो. मीनल, इंग्लंडात १० जून २०२४ पासून मांजराला चिप सक्तीची आहे आणि माहिती अपडेट ठेवणंही, ५०० पौंडांपर्यंत दंड होऊ शकतो. चिप नंबरसमोर मालकाचा फोन डेटाबेसमध्ये असतो, आणि डेटाबेस एक नाही, बरेच आहेत, तेव्हा चिप नंबर टाकून तुझी कुठल्यात आहे ते आधी शोध आणि आजच फोन नंबर बदल, नाहीतर कुणी वेटकडे (प्राण्यांच्या डॉक्टरकडे) नेलाच तर फोन रेडिंगला जाईल. हॉलचे पैसे अजून नऊ जणांचे यायचेत.

सुहास:
कौन्सिलला कळवलंस का?

शुभदा:
कौन्सिल भटक्या कुत्र्यांचं बघते, मांजरांची जबाबदारी त्यांच्यावर नाही. गाडीखाली कुत्रं आलं तर पोलिसांना कळवावं लागतं, १९८८ च्या रस्ते वाहतूक कायद्याच्या यादीत घोडा, गाढव, डुक्कर सगळे आहेत, मांजर नाही. मांजराने कुणाचं घोडं मारलंय?

मीनल:
सापडला!!! तिसऱ्या घराच्या शेडमध्ये. काल रात्री दीडला स्वेटर घेऊन बसले होते तर बारीक म्यांव ऐकू आलं. ते लोक हाफ टर्मच्या सुट्टीत बाहेरगावी, शेडला कुलूप, शेवटी मुलांच्या शाळेच्या ग्रुपवरून नंबर मिळाला आणि त्यांची आई सकाळी वॉटफर्डहून किल्ली घेऊन आली. जाळ्याजळमटांनी पांढरा झालाय, आल्या आल्या वाटीभर पाणी प्यायला आणि झोपला. चिपच्या नोंदीतला फोन नंबर बदलला, विद्याधरकाका. बोंबील मात्र त्याने हुंगलेसुद्धा नाहीत, घरभर वास राहिलाय.

सुहास:
वा! ते बोंबील कुठे मिळाले पण? आम्ही साउथॉल पालथं घातलं गेल्या महिन्यात.

विद्याधर:
बोंबलांची चर्चा कृपया खासगीत करावी. प्रसाद, मलाही कळव.