मदत हवी आहे: ‘लग्नानंतरचं कथानक’ मराठी कादंबरीत कुठून मोजायचं?

एम.ए.च्या लघुप्रबंधात व्हर्जिनिया वुल्फची ‘मिसेस डॅलोवे’ (१९२५) आणि विभावरी शिरूरकरांची ‘हिंदोळ्यावर’ (१९३४) शेजारी ठेवून वाचतेय. चौकट अमेरिकन समीक्षक रेचल ब्लाउ डुप्लेसी यांची (१९८५): एकोणिसाव्या शतकात नायिकेची गोष्ट लग्नात, नाहीतर मरणात संपते, विसाव्या शतकातल्या लेखिका त्या शेवटाच्या पुढे लिहितात. वुल्फला हे चपखल बसतं. नायिका क्लॅरिसाचं लग्न केव्हाच झालंय, आणि तिच्या आठवणीतला सगळ्यात लखलखीत क्षण म्हणजे तरुणपणीची मैत्रीण सॅलीनं थांबून, फूल खुडून घेतलेलं चुंबन. तिच्यावर प्रेम करणारा पीटर मध्ये येतो आणि तो क्षण मोडतो. किती नेमकं लिहिलंय!

अडचण मराठीकडे आहे. ह. ना. आपट्यांच्या ‘पण लक्षात कोण घेतो?’पासूनच आपल्याकडे लग्न आधी उरकतं, खरी गोष्ट पुढे. त्यात १९३४ साली मुंबई इलाख्यात धर्मविधीनं लग्न झालेल्या उच्चवर्णीय हिंदू स्त्रीला घटस्फोटाची कायदेशीर वाटच नव्हती. मग नवऱ्यापासून वेगळ्या राहणाऱ्या अचलेचं (‘हिंदोळ्यावर’ची नायिका) प्रेम ‘शेवटापुढचं’ म्हणायचं का?

कादंबरीतल्या विवाह-कथानकावर लिहिणारा जोसेफ बून (१९८७) वाचलाय. वुल्फ कशी वाचावी यावरचा स्त्रीवादी समीक्षकांचा शोवॉल्टर–मॉय वादही वाचून झालाय, तो सुचवू नका. शोधगंगेवर (भारतीय विद्यापीठांतल्या प्रबंधांचा ऑनलाइन संग्रह) मला मिळालेले प्रबंध आशयावरच थांबतात, रचनेला हात घालत नाहीत.

सोलापुरात आहे, पुण्या-मुंबईच्या ग्रंथालयांत लगेच जाणं जमणार नाही. त्यामुळे ऑनलाइन मिळेल असं सांगा. मराठी, इंग्रजी दोन्ही चालेल.

विवाहाऐवजी परित्यक्तावस्था हा आरंभबिंदू धरून मराठी कादंबरीची रचना तपासणारं समीक्षालेखन कुणाचं आहे?