लेक विनिपेगचं शेवाळ: ओढ्याकाठी गवताचा पट्टा सोडून भागतं का?

प्रेरीकर: कॅनडातल्या मॅनिटोबात रेड रिव्हरच्या खोऱ्यात राहतो. उन्हाळ्यात लेक विनिपेगवर हिरवी साय धरते, खतातून वाहून आलेल्या फॉस्फरसमुळे म्हणतात. आमच्या वॉटरशेड (पाणलोट) ग्रुपमध्ये सगळे ओढ्याकाठी गवत लावा म्हणतायत, खरंच उपयोग होतो का?

मातीवाला: होतो पण इथे कमीच. पावसाच्या प्रदेशात गवत गाळ अडवतं, पण प्रेरीत, म्हणजे इथल्या सपाट गवताळ मैदानात, बरंचसं पाणी एप्रिलच्या आसपास बर्फ वितळून वाहतं, तेव्हा जमीन गोठलेली, पाणी मुरणार कुठे? फॉस्फरसही बराचसा विरघळलेलाच असतो, वर गोठून मेलेलं गवत स्वतःच थोडा सोडतं. म्हणून हिवाळ्याआधी गवत कापून बाहेर न्या, आणि खत बर्फावर तर अजिबात टाकू नका.

उत्तरवाहिनी: माझ्या मते खरा मुद्दा खड्ड्यांचा आहे. हिमनद्यांनी करून ठेवलेली ती छोटी डबकी, एरवी त्यांचं पाणी नदीपर्यंत पोचतच नाही. शेतकरी चर खणून ती जोडतात, मग पाणी आणि खत थेट खाली. बरं रेड रिव्हर उत्तरेकडे वाहते, वरचं दक्षिणेकडचं बर्फ आधी वितळतं आणि खाली अजून गोठलेलंच, त्यामुळे पूर. १९५० च्या पुरानंतर विनिपेग शहराला फ्लडवे, म्हणजे पुराचं पाणी शहराबाहेरून वळवणारा कालवा, खणावा लागला, १९६८ ला पूर्ण झाला.

प्रेरीकर: म्हणजे आधी चर बुजवायचे? शेजारी ऐकतील असं वाटत नाही हो.

उत्तरवाहिनी: फुकटात कोण ऐकेल! डबकं राखायचे पैसे मिळतात का ते बघा.